बघणाऱ्याचा चेहरा

परीक्षक भला माणूस होता, म्हणूनच त्याचं वाक्य जास्त लागलं. एकांकिका स्पर्धेची प्राथमिक फेरी, सभागृहातले निम्मे पंखे बंद, विंगेत पॅनकेक मेकअपचा आणि घामाचा मिसळलेला वास, बाहेर पोरं आपापला सेट टेम्पोत चढवतायत. हिंगोली जिल्ह्यातल्या एका कॉलेजचा प्रयोग नुकताच संपला होता. परीक्षकानं त्या पोरांना बाजूला घेतलं, दिग्दर्शन करणाऱ्या मुलीच्या डोक्यावर हात ठेवला आणि अगदी मनापासून सांगितलं, ‘‘काम चांगलं करता तुम्ही. पण बाळा, हे आपल्या मातीतलं नाही. आपल्याकडं दुष्काळ आहे, ऊसतोड आहे, आत्महत्या आहेत. त्यावर करा. हे अवकाश, ही कृष्णविवरं, हे ज्यांचं त्यांना करू द्या.’’ मुलगी ‘हो सर’ म्हणाली. प्रकाशयोजना माझी, मी दिव्यांच्या डिमरच्या वायरी गुंडाळत शेजारीच बसले होते, आणि माझ्या तोंडून काहीच निघालं नाही.

एकांकिकेत एक म्हातारी होती. राहायला औंढा नागनाथजवळच्या एका खेड्यात, माहेर किल्लारीकडचं. वसमत, औंढा, कळमनुरी तालुक्यांतल्या कितीतरी गावांना जमिनीखालून येणारे गूढ आवाज ओळखीचे आहेत. फळीवरची भांडी वाजतात, पत्रे थरथरतात, माणसं लेकरं उचलून अंगणात येतात आणि थोड्या वेळानं परत आत जातात. ही म्हातारी प्रत्येक आवाजाची भिंतीवर खडूनं एक रेघ ओढते. एके दिवशी मोजणीला आलेला तरुण शास्त्रज्ञ तिच्या ओसरीवर पाणी प्यायला टेकतो. तो सांगतो, इथं एक यंत्र होणार आहे. कोट्यवधी वर्षांपूर्वी दोन कृष्णविवरं एकमेकांत मिसळली, त्याची थरथर आत्ता कुठं पृथ्वीपर्यंत येतेय, ती ते यंत्र टिपणार. म्हातारी बराच वेळ तांब्याकडं बघत राहते. मग विचारते, ‘‘मंग माझ्या मायनं त्या राती मला हाक मारली आसंल, ती बी आजून वाटंतच आसंल का?’’ शास्त्रज्ञाला उत्तर देता येत नाही. अंधार.

किल्लारीचा भूकंप. 30 सप्टेंबर 1993, पहाटे चारला चार मिनिटं कमी. मराठवाड्यातल्या प्रेक्षकाला ‘ती रात’ म्हणजे कोणती हे सांगावं लागत नाही. विसर्जनाहून परतून माणसं गाढ झोपली होती आणि डोक्यावर मातीचं जड माळवद होतं. त्यानंतर आमच्या घरातही कितीतरी दिवस कुणी ना कुणी म्हणायचंच, की तासभर आधी कुणी जाऊन दारं वाजवली असती तर. हे म्हणणं विज्ञानकथेचंच आहे, फक्त ते म्हणताना कुणाला तसं वाटत नाही. काळात मागं जाऊन एक दार वाजवायची इच्छा लातूर-उस्मानाबादच्या माणसाला कुठल्या परदेशी मालिकेनं शिकवलेली नाही.

बसस्टँडवर ती मुलगी माझ्या शेजारी बसली होती. हिंगोलीची गाडी लागलेली नव्हती. हातातला शेंगदाण्याचा पुडा न उघडताच ती म्हणाली, ‘‘मॅडम, मग आमच्या औंढ्यात जे यंत्र व्हायलंय, ते कोणाच्या मातीत व्हायलंय?’’

परभणीला येईपर्यंत माझ्या डोक्यात तिचा प्रश्न होता, आणि त्याला चिकटून वारिस हुसैन या दिग्दर्शकाचं नाव. या माणसाची ओळख मला तशी उशिरा झाली. प्रकाशयोजनेबद्दल काहीबाही वाचताना, जुन्या ब्रिटिश टीव्हीच्या स्टुडिओंचे नकाशे बघताना त्याचं नाव दिसलं, आणि ते तिथं कसं काय म्हणून मी थांबले. 1938 साली लखनौत जन्मलेला मुलगा. 1946 मध्ये आईवडिलांबरोबर इंग्लंडला गेला, पुढं फाळणी झाली आणि त्याची आई तिथंच राहिली. आई म्हणजे अतिया हुसैन, इंग्रजीत लिहिणारी मोठी लेखिका. बीबीसीच्या पूर्वेकडच्या सेवेतही त्यांचा आवाज होता. मुलगा केंब्रिजला शिकला, तिथल्या विद्यार्थी रंगभूमीवर रमला, विशीच्या सुरुवातीलाच बीबीसीत दिग्दर्शनाचं प्रशिक्षण घ्यायला लागला. आणि चोवीस वर्षांचा असताना त्याच्या हातात एक नवी मालिका आली. शनिवारी संध्याकाळी लहानमोठ्यांनी मिळून बघायची, यानातून काळात मागं-पुढं जाणाऱ्या एका विचित्र म्हाताऱ्याची. मालिकेचं नाव ‘डॉक्टर हू’. 23 नोव्हेंबर 1963 ला तिचा पहिला भाग दिसला, आणि तो या लखनौच्या पोरानं बसवलेला होता.

त्याला ते काम मनापासून हवं होतं असं नाही. पुढं अनेक मुलाखतींत त्यानं मोकळेपणानं सांगितलं आहे, की केंब्रिजमधून बाहेर पडून गंभीर नाटकं करायची स्वप्नं बघणाऱ्या तरुणाला कातडी पांघरून आगीसाठी भांडणाऱ्या आदिमानवांची संहिता मिळाली तेव्हा पोटात गोळा आला होता. पहिल्या भागानंतरचे तीन भाग आदिमानवांचेच आहेत. मला तो प्रसंग नीट समजतो. हौशी रंगभूमीवर काम करणाऱ्या प्रत्येकाला कधीतरी असं काम येतं, जे नाकारावंसं वाटतं आणि नाकारता येत नाही. त्यातून काय काढायचं हे मग आपल्यावर असतं. त्याची निर्माती होती व्हेरिटी लॅम्बर्ट, सत्ताविशीची, बीबीसीच्या नाट्यविभागातली तेव्हाची एकमेव स्त्री निर्माती. एक तरुण बाई आणि एक तरुण हिंदुस्थानी, दोघांभोवती सगळे वयानं आणि अनुभवानं मोठे पुरुष. त्यांना मिळालेला स्टुडिओही कुणाला नको असलेला होता. बीबीसीच्या लंडनमधल्या लाइम ग्रोव्हमधला स्टुडिओ डी, जुना, अरुंद, दिवे लागले की तापणारा, कॅमेरेही अवजड आणि जुनाट.

मी दिव्यांच्या बाजूनं विचार करते, म्हणून मला त्या खोलीचा उकाडा आधी कळतो. मे महिन्यात आमच्या इथल्या सभागृहात आठ हॅलोजन एकदम लावले, की नटाच्या भुवयांवरून घाम पॅनकेकमध्ये उतरतो आणि चेहऱ्याला रेघा पडतात. लाइम ग्रोव्हमध्ये एका बाजूला यानाचं पांढरं अंतरंग, त्याला लागून भंगारचं आवार, त्याला लागून शाळेचा वर्ग, आणि या सगळ्यांच्या फटींतून कॅमेरे ढकलणारी माणसं. आठवडाभर तालीम करायची आणि शुक्रवारी संध्याकाळी साधारण सव्वा तासात पंचवीस मिनिटांचा भाग टेपवर घ्यायचा. टेप कापून जोडणं महाग आणि किचकट होतं, त्यामुळं जमेल तितकं न थांबता. म्हणजे तो प्रयोगच होता. कुणाचं वाक्य अडखळलं, दार अडकलं, तरी पुढं जायचं. टीव्हीचा दिग्दर्शक म्हटल्यावर आज आपल्या डोळ्यासमोर मॉनिटरपुढं बसून पंधरा वेळा ‘कट’ म्हणणारा माणूस येतो. हुसैनचं काम आमच्या कामाच्या फार जवळचं होतं, आणि म्हणून मला ते परकं वाटलं नाही.

पहिला भाग त्यांनी दोनदा केला. 27 सप्टेंबरला पहिल्यांदा घेतला तेव्हा यानाची दारं नीट मिटेनात, त्यांचा धडाधडा आवाज संवादांत यायला लागला, आणि म्हातारा डॉक्टर फार कडवट, जवळजवळ दुष्ट वाटत होता. नाट्यविभागाचे प्रमुख सिडनी न्यूमन यांनी दोघांना बसवून सांगितलं, की खरं तर तुम्हाला काढूनच टाकायला हवं, पण जा, पुन्हा करा. 18 ऑक्टोबरला पुन्हा केला. दोन्ही भाग आज उपलब्ध आहेत आणि मी ते एकामागोमाग एक बघितले आहेत. माणसं तीच, संहिता जवळपास तीच. दुसऱ्यांदा विल्यम हार्टनेलच्या डॉक्टरनं आपला राग थोडा आत घेतला आहे, ओठांच्या कोपऱ्यात एक मिस्कीलपणा ठेवला आहे. त्यामुळं तो जास्त अनोळखी वाटतो, कारण आता तो काय करेल हे सांगता येत नाही. हा फरक दिग्दर्शकाचा असतो. बाहेरून बघणाऱ्याला तो दिसत नाही, आणि आतल्याला त्यासाठी महिना जातो.

पहिला भाग दिसला त्याच्या आदल्याच दिवशी अमेरिकेत केनेडींची हत्या झाली होती. सगळं जग दुसऱ्याच बातमीत बुडालेलं. पुढच्या शनिवारी बीबीसीनं पहिला भाग पुन्हा दाखवला आणि त्याला जोडून दुसरा.

आता त्या भागात काय आहे ते सांगते, कारण माझं सगळं म्हणणं त्यावरच उभं आहे. धुकं. एक पोलीस गस्त घालत जातो. भंगारच्या आवाराचं फाटक उघडतं, आत मोडक्या सामानात पोलिसांची एक टेलिफोनची लाकडी खोली उभी आहे आणि ती गुणगुणतेय. मग शाळा. इतिहासाच्या बाई आणि विज्ञानाचे मास्तर एका विद्यार्थिनीबद्दल बोलतायत. या सुझनला काही विषयांत गुरुजींपेक्षा जास्त कळतं, आणि काही साध्या गोष्टी मात्र ठाऊक नाहीत. इंग्लंडात पैशांचा दशमान हिशेब सुरू झालाय असं ती धरून चालते. तो खरोखर सुरू झाला 1971 मध्ये. हा तपशील ऐकून मला माझी आजी आठवली. निजामाचा हाली रुपया, मग आणे, मग नवे पैसे, असे तीन हिशेब तिनं एका आयुष्यात केले, आणि म्हातारपणी बाजारात तिची अधूनमधून गल्लत व्हायची तेव्हा भाजीवाली तिच्याकडं तशीच बघायची, जसा त्या मालिकेत अख्खा वर्ग सुझनकडं बघतो.

दोघं शिक्षक त्या मुलीच्या मागोमाग आवारात येतात, लाकडी खोलीत घुसतात, आणि आत एक भलंमोठं झगझगीत दालन. हेच डॉक्टरचं यान, बाहेरून चार पावलांची खोली, आतून मावत नाही. मालिकेच्या सगळ्या आयुष्याचा हा पाया आहे. आणि तो हुसैननं यंत्रांवर उभा केलेला नाही. यंत्रं त्याच्याकडं नव्हतीच. भिंतींचा काही भाग तर नुसता फोटो मोठा करून लावलेला होता. त्यानं आपल्याला त्या बाईंचा चेहरा दाखवला. बाई आत येतात, पुढं बघतात, वर बघतात, आणि त्यांना काय बोलावं ते कळत नाही. आपण ते दालन त्यांच्या डोळ्यांनी मोठं करून घेतो. आधीची दहा-बारा मिनिटं त्यानं ज्या दोन साध्या, पायात चपला-बूट घातलेल्या, पगारावर जगणाऱ्या माणसांवर आपला विश्वास बसवला, त्यांना तो धक्का बसतो म्हणून आपल्याला बसतो. यान निघतं तेव्हाही तो चेहऱ्यांवरच राहतो. कॅमेरा स्वतःच्याच मॉनिटरकडं वळवला की पडद्यावर ज्या विरघळत्या आकृत्या तयार होतात, त्या चेहऱ्यांवर पसरतात, आणि त्यात आवाज येतो तो ब्रायन हॉजसन या ध्वनितंत्रज्ञानं जुन्या पियानोच्या तारांवर घराची किल्ली खरवडून केलेला.

किल्लीचं वाचलं तेव्हा मी मोठ्यानं हसले, आनंदानं. हिंगोलीच्या पोरांनी जमिनीतला आवाज शेताच्या कुंपणाच्या तारेवर विळा घासून मोबाइलवर घेतला होता. त्यांनी हॉजसनचं नाव कधी ऐकलेलं नव्हतं.

चेहऱ्याची ही गोष्ट मी त्याआधी एकदा बघितली होती. आजोळी श्रावणात सप्ताह बसायचा. एका रात्री कीर्तनकारानं औंढ्याची कथा लावली. नामदेव महाराज नागनाथापुढं कीर्तन करतायत, पुजारी त्यांना मागं हाकलतात, ते देवळाच्या पाठीमागं जाऊन उभे राहतात आणि गाऊ लागतात, आणि देऊळच फिरून त्यांच्याकडं तोंड करतं. एवढं दगडी हेमाडपंती देऊळ फिरलं कसं दाखवायचं? बुवांनी काहीच केलं नाही. ते ‘‘आणि देऊळ...’’ एवढं म्हणून थांबले आणि मागं उभ्या टाळकऱ्यांकडं बघत राहिले. टाळकऱ्यांच्या दोन्ही ओळी, टाळ हळू वाजवत, पाऊल न वाजवता सावकाश वळल्या. त्यांच्याबरोबर सगळ्या मंडपाच्या माना वळल्या. माझ्या शेजारी बसलेल्या मावशीबाईंच्या तोंडावर पेट्रोमॅक्सचा पांढरा उजेड होता आणि त्या देऊळ फिरताना बघत होत्या. मला देऊळ दिसलं नाही, मला त्यांना ते दिसताना दिसलं. एवढ्यानं भागलं. नुसतं भागलं नाही, आजवर बघितलेल्या कुठल्याही संगणकी करामतीपेक्षा ते जास्त टिकलं.

त्या परीक्षकाला मला हे सांगायचं होतं. विज्ञानकथा बसवणारा दिग्दर्शक यंत्र बसवत नाही, यंत्रापुढं उभं राहिलेलं माणूस बसवतो. ते माणूस जिथलं, ती गोष्ट तिथली. दुष्काळावर नाटक करू नका असं मी कधीच म्हणणार नाही, आमच्याकडं ते करावंच लागतं आणि ते करणाऱ्यांबद्दल मला आदर आहे. पण दुष्काळाचंही एकच नाटक असतं असं का धरायचं?

हुसैनची दुसरी विज्ञानमालिकेतली कामगिरी बघा. 1964 च्या सुरुवातीला त्यानं ‘मार्को पोलो’ ही सात भागांची कथा बसवली, मधला एक भाग सोडून सगळे. यान बिघडलेलं, डॉक्टर आणि मंडळी मार्को पोलोच्या तांड्याबरोबर गोबीचं वाळवंट ओलांडतायत. रात्री कुणीतरी पाण्याच्या पखाली फाडतं. थेंब उरत नाही. डॉक्टरला ग्लानी येते, त्याला आणि सुझनला सावलीसाठी यानात ठेवतात. सकाळी यानाच्या भिंतींना आतून दंव धरलेलं असतं. रात्री वाळवंट गार पडलं, आतली वाफ भिंतींवर थिजली. ते पाणी गोळा होतं आणि तांडा वाचतो. आणि मार्को पोलोला वाटतं, या म्हाताऱ्यानं पाणी लपवून ठेवलं होतं. विज्ञानाचे मास्तर त्याला वाफेचं पाणी कसं होतं ते समजावतात, पण तहानलेल्या माणसाचा संशय स्पष्टीकरणानं लगेच जात नाही.

हा प्रसंग मला लातूरचा वाटतो. 2016 च्या मार्चमध्ये तिथं पाण्याच्या टाक्यांभोवती जमावबंदी लावावी लागली होती. एप्रिलमध्ये मिरजेहून दहा टाक्यांत पाच लाख लिटर पाणी घेऊन पहिली रेल्वे आली. माझी मावसबहीण तेव्हा लातुरात होती. ती फोनवर सांगायची, की पाण्याची गाडी आली हे कळल्यावर आनंद झाला, आणि त्याच क्षणी ‘ते पाणी नेमकं कोणत्या भागाला सोडणार’ हा विचार आला, आणि त्या विचाराची लाज वाटली. रुळावरून पाणी येणं! तिच्या आजीला हे सांगितलं असतं तर तिनं ती भविष्याची गोष्ट म्हणून ऐकली असती. त्याच्या आदल्या वर्षी, आणि पुन्हा 2019 मध्ये, औरंगाबादहून विमानं उडाली आणि ढगांत क्षार सोडून पाऊस पाडायचा प्रयोग झाला. रानात उभी माणसं हातानं डोळ्यांवर सावली धरून वर बघत होती, की कुठल्या ढगात शिरलं विमान. कापूस सुकत चाललेला, डोक्यावर यंत्र, आणि खाली हा चेहरा. याहून वेगळं काय दाखवतो विज्ञानकथेचा दिग्दर्शक? हे सगळं आमच्याकडं घडून गेलं आणि त्याच्यावरची नाटकं मात्र आम्ही कर्जाच्या वहीपाशी सुरू करून दोरापाशी संपवत राहिलो. कर्जाची वही खरी आहे. वर बघणारा माणूसही खरा आहे.

‘मार्को पोलो’ मला बघता आलेलं नाही. टेप महाग होत्या, बीबीसी त्या पुसून पुन्हा वापरायची, परदेशी विकायला काढलेल्या फिल्मच्या प्रतीही पुढं नष्ट केल्या गेल्या. त्या कथेच्या सातही भागांचं चित्र असंच गेलं. उरला तो आवाज, कारण काही प्रेक्षकांनी घरी टीव्हीचा आवाज टेपरेकॉर्डरवर धरून ठेवला होता. आणि उरले फोटो. त्या काळी जॉन क्यूरा नावाचे छायाचित्रकार टीव्हीच्या पडद्याचे फोटो काढून दिग्दर्शकांना आणि नटांना विकायचे, कारण केलेलं काम पुन्हा बघायचा दुसरा मार्गच नव्हता. ‘मार्को पोलो’चे असे फोटो पुढं कितीतरी वर्षांनी सापडले ते हुसैनच्याच संग्रहात. त्यानं बसवलेल्या सहा भागांचे. लंडन, अमेरिका, पुन्हा लंडन, एवढ्या धावपळीत त्यानं ते जपले होते.

हे कळल्यावर मला वाईट वाटलं आणि बरंही वाटलं, आणि दोन्हींतलं जास्त काय ते ठरवता येत नाही. माझ्याकडं माझ्या कामाचं काहीही नाही. प्रकाश मागं राहत नाही. एखाद्या जुन्या प्रयोगाच्या फोटोत नटाच्या गालावर पडलेला उजेड दिसतो, तो मी टाकलेला असतो, एवढंच. म्हणून जपून ठेवलेल्या त्या इवल्या चौकटींमागची ओढ मला कळते. ज्या कामाला सुरुवातीला तो कचरला, त्याच्याच खुणा त्यानं इतकी वर्षं सांभाळल्या.

विज्ञानमालिकेत तो तेवढाच राहिला, जेमतेम दहा भाग. मग निघून गेला. 1965 मध्ये त्यानं बीबीसीसाठी ‘अ पॅसेज टू इंडिया’ टीव्हीवर आणलं, त्यात झिया मोहिउद्दीन डॉक्टर अझीझ होते. 1972 मध्ये आठव्या हेन्रीवरचा चित्रपट केला, पुढच्याच वर्षी रिचर्ड बर्टन आणि एलिझाबेथ टेलर यांना घेऊन टीव्हीचित्रपट. 1974 मध्ये मताधिकारासाठी लढणाऱ्या बायकांवरच्या ‘शोल्डर टू शोल्डर’ मालिकेत काम केलं. 1978 च्या ‘एडवर्ड अँड मिसेस सिम्पसन’साठी बाफ्टा हा ब्रिटिश पुरस्कार मिळाला. कुणाही दिग्दर्शकाला अभिमान वाटावा अशी ही यादी आहे, आणि तरी लोक त्याला विचारतात ते त्या धुक्यातल्या लाकडी खोलीबद्दल. 2013 मध्ये मालिकेला पन्नास वर्षं झाली तेव्हा तिच्या जन्मावर चित्रपट निघाला, त्यात साशा धवन या नटानं तरुण वारिस हुसैन उभा केला. आपल्याच चोविसाव्या वर्षाकडं दुसऱ्या कुणाला जाताना बघणं हेही एक प्रकारचं कालयानच म्हणायचं.

मला आधी वाटायचं, हा त्याच्यावर अन्याय आहे. आयुष्यभराचं काम एकीकडं आणि उमेदवारीतले दहा भाग दुसरीकडं. आता तसं वाटत नाही. शाही घराण्यातली प्रेमकथा बसवणारे इंग्लंडात पुष्कळ होते. परक्या जागेत दार उघडून आत पाऊल टाकलं आणि बाहेरचे सगळे हिशेब चुकले, हा अनुभव मात्र त्याच्या अंगातच होता. आठव्या वर्षाच्या आत लखनौची हवेली मागं टाकून युद्धानंतरच्या लंडनच्या थंडीत उतरलेलं मूल होता तो. त्या दोन शिक्षकांना आत नेताना तो काय आठवत होता हे त्याचं त्याला ठाऊक. पण बाईंच्या चेहऱ्यावर त्यानं कॅमेरा जितका वेळ ठेवला, तितका वेळ तो ठेवायचं धाडस कुणा सुखवस्तू घरबशाला झालं नसतं, असं माझं मत आहे.

औंढ्याच्या मुलीच्या प्रश्नाला अजून एक उत्तर आहे, आणि ते सापडलं तेव्हा मी रात्री अकराला तिला फोन केला. डॉक्टर हूच्याही दोन वर्षं आधी, 1961 मध्ये, बीबीसीवर ‘ए फॉर अँड्रोमेडा’ नावाची विज्ञानमालिका झाली. दूरच्या दीर्घिकेकडून रेडिओ दुर्बिणीवर संदेश येतो आणि त्यात एक संगणक बांधायच्या सूचना असतात. ती लिहिली होती जॉन एलियट यांनी आणि फ्रेड हॉयल यांनी. हॉयल म्हणजे जयंत नारळीकरांचे गुरू! नारळीकर त्याच काळात केंब्रिजमध्ये त्यांच्या हाताखाली संशोधन करत होते. तिचंही बरंचसं चित्रण पुसलं गेलं. पण हॉयलांचा शिष्य भारतात परतला, मराठीत विज्ञानकथा लिहायला लागला, पुण्यात आयुका ही खगोलविज्ञानाची संस्था उभी केली. आणि औंढ्याजवळ गुरुत्वीय लहरी टिपणारी लायगो-इंडिया वेधशाळा उभारणाऱ्या संस्थांमध्ये तीच आयुका आहे. काटकोनात दोन भुजा, प्रत्येक चार किलोमीटर लांब, आणि त्यांच्या लांबीत प्रोटॉनहूनही कितीतरी बारीक फरक पडला तरी तो कळायला हवा. एप्रिल 2023 मध्ये केंद्रानं तिला 2,600 कोटींची मंजुरी दिली. अमेरिकेतल्या तिच्या थोरल्या बहिणींनी 2015 मध्ये जी पहिली लहर टिपली, ती सुमारे 130 कोटी वर्षं वाटेत होती.

फोनवर ती गप्प झाली. मग म्हणाली, ‘‘म्हणजे मॅडम, टीव्हीची मालिका लिहिणाऱ्याचा नातशिष्य आमच्या गावात यंत्र बसवायलाय.’’ नातं तिनं जरा ताणलं होतं. मी दुरुस्त केलं नाही.

ती वेधशाळा सुरू होईल तेव्हा तिच्यावर माहितीपट निघतील. नकाशे, बाण, सुटातले अधिकारी, वरून ड्रोननं घेतलेलं देवळाचं शिखर. ते निघावेत. पण मला एक मालिका हवी आहे, मराठीत, आठ-दहा भागांची, औंढ्याच्या बाजारातली माणसं तिच्यात हवीत, त्यांच्या तोंडी त्यांचीच बोली हवी, आणि दिग्दर्शक तिथलाच हवा. त्याला पैसे कमी मिळतील. जागा तापलेली आणि अपुरी असेल, दारं मिटणार नाहीत. पहिला भाग बघून वरचं कुणीतरी म्हणेल की जमलं नाही, पुन्हा करा. त्यानं तो पुन्हा करावा, आणि दुसऱ्या वेळी त्या म्हातारीवर कॅमेरा आणखी थोडा वेळ ठेवावा.